सत्तावीस नंबरचा बिल्ला

३ फेब्रुवारी

तीर्थस्वरूप दादास,
साष्टांग नमस्कार.

पत्र पाहून दचकू नकोस. कुणी गेलेलं नाही आणि कुणाचं जमलेलंही नाही. फोनच केला असता, पण मागच्या खेपेला मी अर्धा तास बोलले आणि शेवटी तू वहिनीला म्हणालास, "कुणीतरी बाई आहे, मघापासून काहीतरी विकतेय." चाळीस वर्षं इंजिनांशेजारी उभं राहून तू आपले कान त्यांच्या हवाली केलेस, तेव्हा आपल्या दोघांना आता कागदच बरा.

बातमी अशी, की माझ्या प्रकाशकांना विमानांवरचं आणखी एक पुस्तक नको आहे. अकरा झाली, पुरे म्हणतात. आता त्यांना माझ्यावरचं हवंय. 'विमानवाली बाई' विमानवाली झाली कशी, ते. चौतीस वर्षं मी धावपट्टीवरची पाखरं हाकणारे, टायर बदलणारे, हवामान खात्यात पहाटे फुगे सोडणारी बाई, सामानाच्या पट्ट्याखाली वाकून वाकून पाठ मोडलेले हमाल, यांच्याबद्दल लिहिलं. वैमानिकांच्या वाटेला फारशी गेले नाही. त्यांचं कौतुक करायला जग बसलंय. छोट्या विमानात बसलं की मला अजूनही उलटी होते, हे मात्र पुस्तकात येणार नाही. तूही कुठे बोलू नकोस.

पहिलं प्रकरण अर्थातच तुझं विमानदुरुस्तीचं हँगर. तेव्हा मी पंचविशीतली, एका मासिकात मुद्रितं तपासणारी. विमान पाहिलेलं ते खालूनच. तू माझ्या आजीच्या बहिणीचा नातू. हे नातं समजावून सांगायला कागद-पेन्सिल लागते, पण हाक मारायला 'दादा' पुरतं. तेवढ्या धाग्यावर मी तुझ्यामागे भुणभुण लावली आणि तू साहेबांना गळ घालून मला एक दिवस आत नेलंस. त्या एका दिवसावर माझा पहिला लेख झाला आणि त्या लेखावर पुढचं सगळं.

मला हवंय ते एवढंच, की तुला तो दिवस जसा आठवतो तसा लिहून पाठव. मी आल्यापासून जाईपर्यंत, आणि नंतरचाही. त्या दिवसाचा शेवट मला नीट आठवत नाही. मी गेल्यावर काही विशेष घडलं होतं का? आठवत असेल तर लिही, नसेल तर राहू दे.

वहिनीला नमस्कार. तिला म्हणावं, मी काही विकत नव्हते.

तुझी,
टकळी


१५ फेब्रुवारी

चि. टकळीस,
अनेक आशीर्वाद.

पत्र मिळालं. तुझी टकळी कागदावरही तशीच चालते. अकरापैकी नऊ पुस्तकं मी वाचली आहेत. चौथ्या पुस्तकात पान एकशे बारावर तू लिहिलंस की चाकाचे नट 'घट्ट' पिळतात. घट्ट पिळत नाहीत. मोजून पिळतात. नवी आवृत्ती निघाली तर दुरुस्त कर. वीस वर्षं सांगेन सांगेन म्हणत होतो.

तो दिवस मला आठवतो. तू सकाळी आठला आलीस, प्रश्न विचारून सगळ्यांचं डोकं खाल्लंस आणि दुपारी स्टोअरच्या फळ्यापुढे अर्धा तास उभी राहिलीस. त्या फळ्यापासून सांगावं लागेल, म्हणजे पुढचं कळेल.

प्रत्येक कारागिराकडे दहा पितळी बिल्ले. त्यावर त्याचा नंबर. माझा सत्तावीस. स्टोअरच्या फळ्यावर प्रत्येक हत्याराची काळ्या रंगात आकृती आणि तिच्यावर खिळा. हत्यार घेतलं की खिळ्यावर आपला बिल्ला. हत्यार परत, बिल्ला परत. पाळी संपताना फळ्यावर एक जरी बिल्ला लटकत असला तरी विमान जागचं हलत नाही, मग त्यात राजा बसलेला का असेना. विसरलेलं हत्यार आत राहिलं आणि सुकाणूच्या तारांत अडकलं तर काय होतं, ते मी तुला सांगायला नको. त्यावर तूच अख्खं प्रकरण लिहिलंयस.

तू पावणेपाचच्या बसने गेलीस. सव्वापाचला पाळी संपली. फळ्यावर एक बिल्ला. सत्तावीस. आकृती आरशाची. तो आरसा तुला दाखवला होता. दातांच्या डॉक्टरकडे असतो तसा, लांब दांडीचा, रुपयाएवढा. हात पोचतो पण डोळा पोचत नाही अशा जागी तो घालून बघायचं.

मी स्वतः जाऊन सांगितलं. विमान दुसऱ्या दिवशी सकाळी निघायचं होतं. ते गेलं नाही. अकरा जणांनी दिवसभर ते उघडलं, चाचपलं, परत बंद केलं. आरसा नाही मिळाला. शेवटी मोठ्या साहेबांनी, जिथे काम झालं होतं ती प्रत्येक जागा पाहिली असं लिहून, सही करून विमान सोडलं.

मला त्याच महिन्यात शिक्का मिळायचा होता. हे विमान उडायला योग्य आहे असं आपल्या जबाबदारीवर म्हणायचा अधिकार, तो शिक्का. तो सहा वर्षांनी मिळाला. त्याचं मला काही नाही, नियम बरोबर होता. पण ते विमान पुढे एकोणीस वर्षं उडालं. आमच्याकडे उतरलं की मी त्याच्या पोटाखाली जाऊन उभा राहायचो. कुठे काही अपघात झाल्याचं कळलं की लोक विचारायचे किती माणसं गेली. मी आधी शेपटीवरचा नंबर विचारायचो. ते भंगारात निघालं तेव्हा दोन दिवसांची रजा काढून गेलो. पोचेपर्यंत अर्धं कापून झालं होतं. तिथेही काही दिसलं नाही.

हे पुस्तकात घालू नकोस. इथल्या प्रशिक्षण शाळेची दोन पत्रं येऊन गेली, नव्या मुलांना शिकवायला या म्हणून. नाही म्हणून कळवलं. ज्याचा बिल्ला अजून खिळ्यावर आहे त्यानं मुलांना हत्यारं कशी सांभाळायची ते कोणत्या तोंडानं शिकवायचं?

तुझा,
दादा


२ मार्च

तीर्थस्वरूप दादास,
साष्टांग नमस्कार.

तुझं पत्र चारदा वाचलं. नटाचं दुरुस्त करते.

मला वाटतं, आरसा त्या विमानात नव्हताच. अकरा माणसं दिवसभर शोधतात आणि रुपयाएवढी का होईना, चकाकणारी वस्तू सापडत नाही, हे कसं शक्य आहे? तो बाहेर कुठेतरी गेला असणार. कुणीतरी कशात तरी ठेवून चुकून नेला असेल. त्या दिवशी हँगरमध्ये बाहेरचं कोण कोण आलं होतं, हे कुणी पाहिलं होतं का? तू एकट्यानं हे ओझं वाहत बसलास, हे काही बरोबर नाही झालं. तू शाळेला हो म्हण. तुझ्याइतकं कुणाला येतं ते? आजकालच्या मुलांना तुझ्यासारखा माणूस मिळाला तर त्यांचं सोनं होईल.

शिवाय तू आता सदुसष्टचा. या वयात रिकामं बसलास तर वहिनीच्या स्वयंपाकघरात जाऊन डब्यांवर नंबर घालशील.

पुस्तकाचं काम थोडं थांबवलंय. प्रकृती ठीक आहे, काळजी नसावी.

तुझी,
टकळी


११ मार्च

चि. टकळीस,
अनेक आशीर्वाद.

तू मला धीर देऊ नकोस, तुला ते जमत नाही. तू लिहितेस तेव्हा हातचं राखून लिहीत नाहीस, म्हणून मी तुझी पुस्तकं वाचतो. या पत्रात मात्र तू ताटाभोवती पाणी फिरवावं तशी नुसती फिरत राहिलीस. माझी कीव आली असेल तर ती तुझ्याजवळच ठेव.

बाहेरचं माणूस त्या दिवशी हँगरमध्ये कुणी नव्हतं. तू होतीस, पण तू काय बाहेरची?

आणि एक. तुझ्या पहिल्या लेखाचं पहिलं वाक्य मला अजून पाठ आहे. 'या छपराखाली एक खिळासुद्धा हरवत नाही.' तो अंक आला तेव्हा आरसा हरवून बारा दिवस झाले होते. कुणीतरी ते पान कापून स्टोअरच्या दारावर चिकटवलं. महिनाभर मी त्याच्यासमोरून जात होतो. तुझी त्यात काही चूक नाही, तुला काय ठाऊक! लेख चांगला होता.

वहिनी म्हणते, डब्यांवर नंबर आधीच घातलेत.

तुझा,
दादा


२९ मार्च

दादा,

आज वरचा मायना लिहायला हात धजत नाही.

आरसा माझ्याकडे आहे.

हे वाक्य लिहायला मला अठरा दिवस लागले, खरं तर चौतीस वर्षं. आता बाकीचं सरळ सांगते. दुपारी तू तो माझ्या हातात दिलास आणि चाकांच्या कप्प्यात घालून वरची एक नळी बघायला लावलीस. मी एका हातानं आरसा धरला होता, दुसऱ्या हातानं लिहीत होते. तू चहा सांगायला गेलास. मग कुणीतरी ओरडलं, "ताई, बस आली!" मी वहीचं ते पान राहू दे म्हणून आरशाची दांडी खूण म्हणून पानांत घातली, वही मिटली आणि पळाले. त्या वेळी माझ्या मनात एवढंच होतं की ते पान सापडायला हवं.

आठ दिवसांनी लेख पूर्ण करायला वही उघडली तेव्हा तो मिळाला. मी हसले होते दादा, अरे वा, आठवण राहिली म्हणून. त्याच संध्याकाळी आईनं सांगितलं, तुझा शिक्का हुकला, काहीतरी हत्यार हरवलं म्हणे.  लेख दुसऱ्या दिवशी छापखान्यात द्यायचा होता. मी एक तार केली असती तर बास होतं. पण मग तो लेख कोण छापणार, आणि मला पुन्हा कुठल्या फाटकातून आत कोण घेणार? मी मनाची समजूत घातली, की दादा हुशार आहे, त्याला काय, पुढच्या महिन्यात मिळेल शिक्का. आणि ते पहिलं वाक्य, ते मी आरसा समोर टेबलावर ठेवून लिहिलं. ते छान वाटत होतं म्हणून ठेवलं.

पुढे जितकं नाव झालं तितकं बोलणं अवघड होत गेलं. मी पुस्तकापुस्तकातून सांगत सुटले, चूक लपवणारा माणूस चुकणाऱ्यापेक्षा धोक्याचा. सभांमधून टाळ्या घेतल्या. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण! आरसा टेबलाच्या सगळ्यात खालच्या खणात होता. घरं बदलली, टेबलं बदलली, तो खण मात्र प्रत्येक घरात असायचा. या पुस्तकासाठी तुला पहिलं पत्र टाकलं ते आठवणी हव्यात म्हणून नव्हे. तुला काय माहीत आहे, ते मला चाचपायचं होतं. चोराच्या मनात चांदणं.

पण मला वाटत होतं तुझा फक्त शिक्का गेला. त्या विमानाच्या पोटाखाली तू एकोणीस वर्षं उभा राहिलास, हे मला माहीत नव्हतं. देवाशपथ माहीत नव्हतं. दादा, त्या विमानात काही नव्हतं. ते प्रत्येक वेळी अगदी ठीक उडालं. हे तुला ते उडत असताना सांगायला हवं होतं.

आरसा पोस्टानं पाठवणार होते. पण तो वाटेत हरवला तर? पुन्हा हरवला तर मी जीव द्यायचा! म्हणून तो इथेच आहे, रुमालात गुंडाळलेला. तू सांगशील ते करीन. प्रकाशकांना कळवलंय की पुस्तक थांबवा. कारण विचारलं तर तेही सांगेन. माफी मागायचं धाडस नाही, म्हणून मागत नाही.

टकळी


१८ एप्रिल

प्रिय वन्सं,
नमस्कार.

तुमच्या पत्राला आणि त्यामागून आलेल्या कार्डाला उत्तर नाही म्हणून तुम्ही काय काय मनात आणत असाल, तेव्हा मीच लिहिते. यांना सांगितलेलं नाही.

तुमचं ते मोठं पत्र यांनी उभ्या उभ्या वाचलं. मग खुर्चीत बसून वाचलं. मग मला दिलं आणि बाहेर गेले ते तीन तासांनी आले. रागावलेत. खोटं कशाला सांगू, मीही रागावले. अकरा माणसं विमान उलटंपालटं करतायत आणि वस्तू आपल्याच नात्यातल्या पिशवीत! काखेत कळसा आणि गावाला वळसा, दुसरं काय.

पण एक गोष्ट तुम्हाला कळावी म्हणून हे पत्र. आमच्या घरावरून विमानं जातात. लग्न झाल्यापासून मी बघत आले, आवाज आला की हे जेवता जेवता थांबायचे, आवाज पूर्ण जाईपर्यंत घास हातात. कान गेल्यावरसुद्धा भांडी थरथरली की थांबायचे. मला वाटायचं, कामाची सवय. तुमचं पत्र आल्यापासून चौथ्या-पाचव्या दिवशी माझ्या लक्षात आलं, की भांडी थरथरतायत आणि हे जेवतायत. दुपारी झोपतातही. चक्क घोरतात.

लिहितील. वेळ लागेल. तुम्ही मात्र मध्येच पत्रांचा मारा करू नका.

तुमची,
वहिनी


६ मे

चि. टकळीस,
आशीर्वाद.

'अनेक' मुद्दाम लिहिलं नाही.

मी तुझ्यावर रागावलो आहे. शिक्क्याबद्दल नाही. वाक्याबद्दलही नाही, तरणी होतीस, घाबरलीस. राग याचा, की तुला माझ्याकडे यायला भीती वाटली. मी तुला खाल्लं असतं का? बोंबललो असतो, आरसा घेऊन स्टोअरमध्ये धावलो असतो आणि रात्री तुझ्या आईला सांगितलं असतं की पोरगी वेंधळी आहे पण खरी आहे. ते बोलायची माझी संधी तू घालवलीस. हा राग काही दिवस राहील. राहू दे.

आता माझं. फाटकावर पाहुण्याची पिशवी येताना आणि जाताना उघडून बघायची, हा नियम होता. येताना बघितली. जाताना बस सुटत होती, मी तुला पोचवायला मागून धावत आलो होतो. रखवालदारानं तुझ्या पिशवीला हात घातला आणि मी म्हणालो, "घरची आहे, जाऊ दे." चौकशीत मला पन्नास प्रश्न विचारले. हे मी सांगितलं नाही. लपवलं नाही, मला ते आठवलंच नाही. तू बाहेरची वाटलीच नाहीस, मग तुझी पिशवी कशी आठवणार? तुझं पत्र वाचलं तेव्हा पहिल्यांदा तो रखवालदार डोळ्यांपुढे आला. तर अर्धा आरसा तू नेलास आणि अर्धा मी जाऊ दिला.

पुस्तक थांबवू नकोस. हे सगळं लिही. मागे नको म्हणालो होतो, ते आता मागे घेतो. पण आधी एक काम कर. हँगर आता नव्या इमारतीत गेलंय. स्टोअरही बदललं, हत्यारांवर आता पट्ट्या चिकटवून यंत्राला दाखवतात. पण जुना फळा भिंतीवर ठेवलाय आणि आरशाच्या खिळ्यावर माझा बिल्ला आहे. हत्यार आल्याशिवाय बिल्ला काढायचा नाही, हे एकेका स्टोअरवाल्यानं पुढच्याला सांगत आणलंय. निवृत्तीच्या दिवशी मी दहाऐवजी नऊ बिल्ले जमा केले होते.

तू स्वतः जा. साहेबाकडे देऊ नकोस, रखवालदाराकडे देऊ नकोस. खिडकीशी उभी राहा आणि हातात दे. ज्यानं नेलं त्यानं आणायचं. माझा बिल्ला घेऊन मला पाठव.

दादा


२० मे

तीर्थस्वरूप दादास,
साष्टांग नमस्कार.

काल जाऊन आले.

चौतीस वर्षांत मी शंभर हँगरांत गेले असेन, पण नेलेलं काही परत करायला कधीच गेले नव्हते. रखवालदारानं पिशवी उघडायला सांगितली. मी आरसा काढून दाखवला, हा मी आत नेणार आहे आणि बाहेर आणणार नाही. तो म्हणाला, सगळे उलटं करतात.

स्टोअरच्या खिडकीत एक बाई होत्या, पन्नाशीच्या, चष्मा साखळीला अडकवलेला. त्यांनी वर न बघता विचारलं, "नंबर?" मी म्हटलं, "सत्तावीस." मग मात्र त्यांनी वर बघितलं. बघितलं आणि उठून उभ्या राहिल्या. मी आरसा खिडकीच्या फळीवर ठेवला. दांडी थोडी काळी पडली आहे, बाकी आहे तसा आहे. त्यांनी तो पुसला, भिंतीपाशी नेला आणि त्या आकृतीवर धरला. बरोबर बसला दादा. कडेला कडा लागली. इतकी वर्षं ती जागा काळीच होती.

मला वाटलं सुटले. कसली सुटते! त्यांनी एक फॉर्म पुढे सरकवला. हत्यार उशिरा परत केल्यास कारण लिहावे. कारणाला जागा दोन बोटं. मी म्हटलं, बाई, मोठी गोष्ट आहे. त्या म्हणाल्या, "सगळ्यांची मोठीच असते. जागा तेवढीच आहे." मी पेन घेऊन किती वेळ उभी होते कोण जाणे. अकरा पुस्तकं लिहिलेली बाई! शेवटी दोन शब्द लिहिले. 'घाबरले होते.' त्यांनी वाचलं, शिक्का मारला आणि पहिल्यांदा हसल्या.

आता तुझ्या कामाचं. बिल्ला मिळाला नाही. मी मागितला, हात पसरला, तुझं पत्र दाखवलं. बाई म्हणाल्या, ज्याचा बिल्ला त्याच्याच हातात द्यायचा, नियम आहे. आणि नियम कुणी शिकवला विचाराल तर तुमच्या दादांनीच, मी इथे नवी होते तेव्हा. आता बोल! त्यांनी बिल्ला खिळ्यावरून काढून खणात ठेवलाय. तुला यावं लागेल. त्या म्हणाल्या, शाळेचा वर्ग जिन्यानं वर आहे, तेवढं सहज सांगा त्यांना.

प्रकाशकांना सगळं सांगितलं. संपादकांनी आधी डोकं धरलं, छापायलाच हवं का म्हणाले. मी म्हटलं, हेच छापायचंय, बाकीचं नसलं तरी चालेल. पहिल्या लेखाचं पहिलं वाक्य मी दुरुस्त केलंय. आता पुस्तक असं सुरू होतं: 'त्या छपराखाली एक आरसा हरवला. ज्याच्या नंबरावर तो होता त्यानं पाच मिनिटांत जाऊन सांगितलं. जिच्याकडे तो होता तिला चौतीस वर्षं लागली.' बरोबर आहे का? तू तपासल्याशिवाय पुढे जात नाही.

आणि आता मागते. दादा, मला माफ कर.

तुझी,
टकळी


१४ जून

चि. टकळीस,
अनेक आशीर्वाद.

वाक्य बरोबर आहे. फक्त 'पाच मिनिटांत' नाही, दोन. फळा आणि साहेबांची खोली यांच्यात तेवढंच अंतर होतं.

माफीचं वहिनीला विचारलं. ती म्हणाली, तुम्ही घोरायला लागलात तेव्हाच झाली.

बिल्ला आणायला गेलो होतो. स्टोअरवाल्या बाईंनी माझ्याकडूनही सही घेतली. चांगली तयार झाली आहे. मग जिन्यानं वर गेलो, नुसतं बघायला. शाळेचे साहेब वाटच बघत होते, त्या बाईनं आधीच कळवलं असणार. तुम्ही दोघींनी मिळून मला पकडलंत. गेल्या सोमवारपासून जातोय. आठवड्यातून तीन दिवस. चौदा मुलं आहेत, त्यात पाच मुली. एक मुलगी अगदी तुझ्यासारखी, श्वास न घेता विचारते. मला ऐकू येत नाही म्हणून ती आता प्रश्न फळ्यावर लिहिते, त्यामुळे फळा कायम भरलेला.

पहिल्या दिवशी बिल्ला सगळ्यांच्या हातातून फिरवला आणि अर्धी गोष्ट सांगितली. हरवलं कसं, सांगितलं कसं, शोधलं कसं. त्या मुलीनं लिहिलं, 'मग आरसा होता कुठे?' मी म्हटलं, ते मी सांगणार नाही. जिच्याकडे होता ती येऊन सांगेल.

तर पुढच्या गुरुवारी ये. दहा वाजता वर्ग सुरू होतो. बिल्ला मी खिशात ठेवतो, तुलाही बघायला मिळेल. जेवायला घरी यायचं, वहिनीनं बजावलंय. आणि निघताना फाटकाशी पिशवी उघडून दाखवायची. मी स्वतः बघणार आहे. घरची असलीस तरी.

तुझा,
दादा